आनंदा सुतार यांना साथ द्या

आनंदा सुतार मंगळवारी सकाळी आठ वाजून बारा मिनिटांनी गावाच्या ग्रुपवर वारला. त्या वेळी तो स्वतःच्या ओट्यावर बसून दाढी करत होता. डावा गाल उरकला होता, उजव्याला साबण लावलेला होता. आत त्याची बायको शालन भाकरी थापत होती आणि फळीवर ठेवलेला तिचा फोन एकसारखा वाजत होता. तिला बरं वाटलं. गाव जागं झालं म्हणायचं एकदाचं.

गावाला जागं करायचं कारण साधं होतं. आनंदाच्या दोन्ही किडन्या दोन वर्षांपूर्वी बसल्या. दर सोमवारी आणि गुरुवारी त्याला तालुक्याच्या दवाखान्यात चार तास यंत्राला जोडावं लागे. अंगात साठलेलं पाणी यंत्र ओढून घेई, की मग गडी पुन्हा तीन दिवस रंधा मारायला मोकळा. तालुका एकतीस किलोमीटरवर. जायला एसटीची एक मुक्कामी गाडी होती. संध्याकाळी यायची, देवळासमोर मुक्काम करायची आणि सकाळी सव्वासहाला निघायची. पहिल्या तारखेपासून ती बंद झाली. खिरणवाडीत आता घरटी मोटारसायकल होती, चारचाकीच अडतीस होत्या, मग त्या गाडीत बसणार कोण? चार माणसं बसायची, त्यांतली दोन म्हणजे आनंदा आणि शालन.

आगारप्रमुख माणूस वाईट नव्हता. तो फोनवर शालनला म्हणाला, "ताई, अर्ज आता कोण वाचतंय? तुमच्या गावाच्या ग्रुपवर टाका. पाचशे माणसं आनंदरावांच्या पाठीशी आहेत, एवढं मला फोनवर दिसू दे. मी वर पाठवतो. वर हल्ली तेच बघतात."

तोवर दोघं हणमाच्या दुधाच्या टेम्पोत, कॅनांच्या मधे अंग चोरून बसून दवाखाना गाठत होती.

शालनकडे नवऱ्याचा एकच बरा फोटो होता. दवाखान्याच्या कार्डासाठी काढलेला, मागे निळा पडदा, शर्टाचं वरचं बटण लावलेलं, आणि चेहरा असा की आता पोलीस धरून नेणार. तो घेऊन ती बंडाकडे गेली. बंडा म्हणजे गावचा फ्लेक्सवाला. वाढदिवस, बारसं, निवड, निधन, सगळं त्याच्याच दुकानातून जायचं. बंडाने तिचं काम फुकटात केलं. मधोमध फोटो, वर ठळक अक्षरांत आनंदा सुतार, आणि खाली शालनने सांगितलेला सगळा मजकूर शब्दाचीही काटछाट न करता: मुक्कामी गाडी बंद झाली आहे, डायलिसिसला जाता येत नाही, आनंदा सुतार यांना साथ द्या. एवढा मजकूर बसवायचा म्हणून अक्षर बारीक घ्यावं लागलं. भोवती झेंडूची माळ आणि दोन बाजूंना दोन समया त्याने ठेवल्या, कारण आदल्या दिवशीच्या कामातल्या त्या काँप्युटरवर उघड्याच होत्या.

"नुसतं कोरं बरं दिसंना, वैनी," तो म्हणाला.

आता खिरणवाडीत फोटोखालचं कुणी वाचत नाही, ही काही आजची गोष्ट नव्हे. फोटोत केक दिसला की हार्दिक शुभेच्छा, समई दिसली की भावपूर्ण श्रद्धांजली, एवढं शास्त्र लहान पोरालाही पाठ आहे. मंगळवारी सकाळी शालनने ते ग्रुपवर टाकलं आणि पहिली नजर माजी सरपंच दौलतराव यांची पडली. त्यांनी लिहिलं, 'भावपूर्ण श्रद्धांजली. गावाची कधीही न भरून निघणारी हानी.' दौलतरावांनी एकदा माणूस गेला म्हटल्यावर तो गेला नाही असं त्यांच्यामागून कोण लिहिणार? नऊ वाजेपर्यंत एकशे चाळीस जणांनी श्रद्धांजली वाहिली. दुपारी बारापर्यंत चारशे. त्यात पुण्याचे होते, पनवेलचे होते, एक तर मस्कतहून होता.

इकडे सकाळीच, पहिली श्रद्धांजली पडली तेव्हा, ओट्यावर आनंदाने वस्तरा धुवायला तांब्याकडे हात नेला, तर मधे काच होती. त्याने बोटाच्या पेराने टकटक केलं. दाराएवढी काच होती आणि तिला चारी बाजूंनी चौकट होती. पाठीमागे इतका वेळ घराची चुना लावलेली भिंत होती, तिथे आता निळं होतं.

"शालन," त्याने हाक मारली, "जरा बाहेर ये. मी चौकटीत बसलोय."

ती पिठाच्या हातांनी बाहेर आली. तिने काच पाहिली, चौकट पाहिली, मग आत जाऊन फोन आणला आणि पाहिला. काय झालं ते तिला लगेच कळलं. आनंदा तोवर लाकूड तपासत होता.

"सागवान न्हाईच. भुश्याचा लगदा दाबलेला हाय," तो म्हणाला. "आणि कोपरे बघ. काप बी धड घेतला न्हाई. असलं काम मी दारात उभं केलं नसतं."

त्याच्या पावलांशी चौकटीच्या तळाला बोटभर पाणी होतं.

शालनचं डोकं फिरलं. तिने तिथल्या तिथे पिठाच्या बोटांनी ग्रुपवर लिहिलं: 'आनंदा सुतार जिवंत आहेत. मेलेले नाहीत. गाडी पाहिजे.' त्याला त्रेसष्ट जणांनी हात जोडले. हायस्कूलच्या निवृत्त मास्तरांनी लिहिलं, 'अगदी खरं आहे ताई. अशी माणसं मरत नसतात. ती आपल्या कामातून जिवंत असतात.' मास्तरांच्या या वाक्याला शालनच्या निरोपाहून जास्त हात मिळाले.

दुपारी दौलतराव स्वतः आले. ओट्यासमोर उभे राहिले, चपला काढल्या, डोळे मिटून हात जोडले. आनंदा म्हणाला, "दौलतराव, बसा की. हे जरा मिटवा तेवढं. तुमच्या एका शब्दानं हुतंय." दौलतरावांनी डोळे उघडले आणि शालनकडे वळून म्हणाले, "बघा वैनी. अजून बोलतायत असं वाटतं."

त्यांच्या मागोमाग बायका आल्या. ज्या घरात माणूस गेलं तिथे चूल पेटवायची नाही, शेजाऱ्यांनी पिठलं-भाकरी आणायची, ही रीत चांगलीच आहे. पण चूल पेटलेली होती, तव्यावर भाकरी होती आणि घरधनी ओट्यावरून सगळं बघत होता. बायकांनी चुलीत पाणी ओतलं आणि पिठल्याची पातेली मांडली. एकीने बांगड्या फोडायचा विषय काढला, तेव्हा शालनने लाटणं उगारलं. बायका गप निघून गेल्या. संध्याकाळी ग्रुपवर आलं की शालनवैनींना धक्का बसला आहे, त्यांना या दुःखातून सावरण्याची ताकद परमेश्वर देवो.

चौकट शंभर निरोपांमागे वीतभर आत येत होती. आनंदाही तिच्याबरोबर तेवढाच लहान होत होता, त्यामुळे दाटी अशी व्हायची नाही. पाणी मात्र कमी होत नव्हतं. ते कुठून येतंय हे त्याला माहीत होतं. गेली दोन वर्षं ते त्याच्या अंगातच साठायचं, आता बाहेर साठत होतं, एवढाच फरक. बुधवारी घोट्यापर्यंत होतं. गुरुवारी सकाळी गुडघ्याला लागलं.

गुरुवारी शालनने त्याला उचलून हणमाच्या टेम्पोपाशी नेलं. तोवर चौकट खिडकीएवढी झाली होती. हणमाने कॅन चढवायचं काम थांबवलं.

"वैनी, दुधाच्या गाडीत मयत न्हेता येत न्हाई. डेअरीवाले दूध घ्यायचे न्हाईत."

"हणमा, मागच्या सोमवारी तूच न्हेलंस की रं."

"तवा हुते ते."

"हणमा," आनंदा काचेआडून म्हणाला, "मी तुझ्याशी बोलतोय का न्हाई?"

"बोलताय खरं," हणमाने कबूल केलं. "पण माझ्या बायकोनं पण ग्रुपवर टाकलंय. आता मी तुम्हाला गाडीत घेतलं, तर ती खोटी पडती."

हणमाचा संसार हणमालाच करायचा होता. टेम्पो गेला.

दवाखान्याच्या गाडीला फोन केला, तर पलीकडची मुलगी गोड आवाजात म्हणाली की मयतासाठी वेगळी गाडी असते, तिचा नंबर लिहून घ्या. शालनने नंबर लिहून घेतला नाही. तिने वरवंटा घेतला आणि काचेवर मारला. काचेला बारीक चरा गेला. तसाच चरा आनंदाच्या खांद्यावर उमटला, त्यातून रक्त आलं आणि पाण्यात पसरलं. तिने वरवंटा खाली ठेवला.

"दुखलं का?"

"दुखलं. पुन्हा नको मारू." मग तो म्हणाला, "कोपऱ्यातनं गळतंय का बघ. एवढं वंगाळ काम हाय, गळायला पायजे."

तिने चारी कोपरे बोटाने चाचपले. एक थेंब गळत नव्हता.

मग तिने व्हिडिओ काढला. फोन पाट्याला टेकवून उभा केला, समोर आनंदाला ठेवलं आणि म्हणाली, बोला. उजव्या गालावर वाळलेला साबण तसाच होता. आनंदा सभेत बोलल्यासारखा बोलला. "मी आनंदा सुतार. मी जिवंत हाय. माझा गुरुवार चुकलाय. सोमवारी मला कुणीतरी तालुक्याला न्ह्या. मला एवढंच पायजे." वीस सेकंदांचा व्हिडिओ. तो शालनने ग्रुपवर टाकला आणि मग चमत्कार झाला. जो व्हिडिओ खिरणवाडीच्या एका ग्रुपवर होता, तो संध्याकाळपर्यंत एकवीस गावांच्या ग्रुपवर पोचला. कुणीतरी खाली मंद बासरी लावली. कुणीतरी वर अक्षरं टाकली: आनंदा सुतार यांचे अखेरचे शब्द. लोक लिहीत होते, आवाज ऐकून डोळ्यांत पाणी आलं. लोक लिहीत होते, अशी माणसं पुन्हा होणे नाही. एका रात्रीत चौकट ताटाएवढी झाली आणि पाणी कमरेवर आलं.

त्यांचा मुलगा सुहास पुण्याला एका कंपनीत होता. त्याने आपल्या फोनवरचा फोटो काळा केला होता आणि खाली लिहिलं होतं, 'बाबा, तुम्ही कायम आठवणीत राहाल.' शालनने त्याला फोन केला.

"सुहास, तुझा बा जिवंत हाय."

"आई, मला कळतंय तुझ्या मनाची काय अवस्था आहे."

"अरं, इथं शेजारी बसलाय. बोल त्याच्याशी."

तिने फोन काचेला लावला. आनंदा म्हणाला, "सुहास, गाडी घेऊन ये रं. सोमवारच्या आत ये." मग सुहास रडत म्हणाला, "आई, व्हिडिओ लावू नकोस ना पुन्हा पुन्हा. मी ऐकलाय. मला दहाव्यालाच रजा मिळतेय, त्याआधी नाही."

पोटच्या पोराचं हे, तर गावाला काय बोल लावायचा? तरी शालन शनिवारी गावात फिरली. आनंदाला पदराखाली धरलं आणि ज्यांच्या दारात चारचाकी उभी होती अशी अडतीस घरं घेतली. यांतल्या तीस घरांची दारं आनंदाने केलेली होती. तो वाटेत सांगत होता, ह्याची कडी मी नंतर बदलली, ह्याचा उंबरा शिसवी हाय. दारं उघडली जात होती. बसा म्हणत होते, पाणी देत होते. ती म्हणायची, सोमवारी एवढं तालुक्याला सोडा. आणि प्रत्येक घरात माणूस खिशातून फोन काढायचा आणि तिला दाखवायचा.

"टाकलंय की वैनी आम्ही. मंगळवारीच टाकलंय. हे बघा."

"आम्ही तर दोनदा टाकलं. एकदा माझं, एकदा मंडळाचं."

एका घरात म्हातारीने सुनेला हाक मारून विचारलं, "अगं, आपण सुताराला टाकलं का न्हाई?" सून म्हणाली, टाकलं. मग म्हातारीने समाधानाने मान हलवली. बोलाचीच कढी आणि बोलाचाच भात. अडतीस घरं जेवली आणि एकाचंही पोट भरलं नाही. शालनला त्या दिवशी गावाची चीड आली नाही, किळस आली.

सोमवारची पाळीही चुकली. पाणी छातीवर आलं. आनंदा आता दोन शब्दांनंतर थांबून श्वास घ्यायचा.

सोमवारी दुपारी आगारप्रमुखाचा फोन आला. त्याचा आवाज फुलून आला होता.

"ताई, एक हजार एकशे बेचाळीस! मी पाचशे म्हणालो होतो. सतरा वर्षांच्या नोकरीत एवढा पाठिंबा मी बघितला नाही. वर पाठवलं, वरून तासाभरात मंजुरी आली."

शालन भिंतीला टेकून खाली बसली. "लई उपकार झालं साहेब. उद्या सव्वासहाला येती का गाडी?"

"मुक्कामी नाही, ताई. मुक्कामी ज्यांच्यासाठी मागत होतो ते राहिले नाहीत, मग ती कुणासाठी सोडू? दहाव्यासाठी खास गाडी मंजूर झाली आहे. गुरुवारी सकाळी सातला, तुमचं गाव ते नदीचा घाट आणि परत. एवढ्या लोकांची सोय नको का?"

"साहेब, तालुका इकडं हाय. घाट तिकडं हाय."

"हो ना," तो हळहळत म्हणाला. "दहावा काय तालुक्याला होत नाही."

गुरुवारी सातला देवळासमोर लाल गाडी लागली आणि कित्येक वर्षांत पहिल्यांदा खिरणवाडीची गाडी गच्च भरली. गाडीपुढे बंडाने फ्लेक्स बांधला होता. शालन चौकट छातीशी धरून चढली. आता ती शाळेच्या पाटीएवढी होती. कंडक्टरने सांगितलं, काचेचं सामान मांडीवर घ्या, खाली ठेवू नका, फुटलं तर आमची जबाबदारी नाही. पाणी आनंदाच्या गळ्याशी होतं. गाडी वळणावर गेली की ते हिंदकळायचं आणि तो डोळे मिटून घ्यायचा.

"शालन," एका वळणानंतर तो म्हणाला, "गाडी आली बघ."

"आली," ती म्हणाली. तिने खिडकीकडे तोंड फिरवलं.

नदीकाठी सुहास आधीच आला होता. डोक्याचे केस काढलेले, कमरेला पंचा. त्याच्या पांढऱ्या गाडीतून सासूसासरे, मेहुणा, बायको उतरली होती. झाडाखाली आणखी तेरा गाड्या उभ्या होत्या. तो आईच्या पाया पडला आणि चौकटीकडे हात करून म्हणाला, "फोटो दे, आई. तिथे मांडायचाय."

"फोटो न्हाई हा," शालन म्हणाली आणि चौकट तशीच धरून पिंडांच्या समोर वाळूत बसली. तिला कुणी उठवलं नाही. धक्का बसलाय हे सगळ्यांना ठाऊक होतं.

भटजींनी विधी उरकला. भाताचे पिंड दर्भावर मांडले, वर दही घातलं, आणि माणसं दहा पावलं मागे सरकली. करंजावर तीसचाळीस कावळे होते. एकही हलला नाही. पाव तास गेला, अर्धा तास गेला. ऊन चढलं. दह्याला पाणी सुटलं.

"जीव कशात तरी अडकलाय," भटजी म्हणाले. "काही इच्छा राहिली असेल त्यांची. मोठ्यानं शब्द द्या. मनात ठेवू नका."

दौलतराव पुढे झाले. हात जोडून म्हणाले, "आनंदा, गाडीच्या थांब्यावर तुझ्या नावानं निवारा बांधतो." कावळ्यांनी ऐकून घेतलं. मंडळाचा अध्यक्ष म्हणाला, "आनंदा सुतार चषक भरवतो. दरवर्षी." बंडा म्हणाला, "पुण्यतिथीचा फ्लेक्स माझ्याकडनं फुकट, जन्मभर." सुहास म्हणाला, "बाबा, आईला मी पुण्याला नेतो." त्याची बायको त्याच्याकडे बघायला लागली. एका कावळ्याने पंख पसरून चोचीने साफ केला आणि पुन्हा मिटून घेतला.

मग शालन बसल्या जागेवरून बोलली. ओरडली नाही.

"आज गुरुवार हाय. त्यांचे तीन दिवस चुकलेत. मागचा गुरुवार, सोमवार आणि हा. पाणी हनुवटीला लागलंय. एकानं कुणीतरी म्हणा, आत्ता गाडीत घालून तालुक्याला न्हेतो. तासाभराचं काम हाय. एवढंच म्हणा. शिवंल कावळा."

ती बोलत होती तेव्हाच एक कावळा करंजावरून उतरला. वाळूवर टुणटुण उड्या मारत पिंडांपर्यंत आला आणि वीतभर अलीकडे थांबला. त्याने पिंडाकडे पाहिलंच नाही. मान तिरकी करून तो माणसांकडे बघत राहिला. सगळ्यांना ते दिसलं. साठसत्तर माणसं होती, चौदा गाड्या होत्या आणि एक वाक्य हवं होतं. माणसांनी एकमेकांकडे पाहिलं. दौलतरावांनी फोन काढून वेळ बघितली. मेहुण्याने सुहासच्या कानात काहीतरी सांगितलं.

"आई," सुहास म्हणाला, "गाडीत माणसं आहेत गं. जागा नाही."

कावळा थांबला होता. शालनही थांबली होती. नदीत कुणाचं तरी टरबुजाचं टरफल वाहत चाललं होतं, माणसं त्याच्याकडे बघू लागली.

"मला बाराला अजून एक ठिकाण आहे," शेवटी भटजी म्हणाले. "दर्भाचा करू या. शास्त्रात सोय आहे."

सगळे एकदम हलले. कुणी दर्भ पुढे केला, कुणी पीळ धरला, कुणी गाठ मारली. एवढ्या हौशी हातांनी काम झालं की दोन मिनिटांत गवताचा कावळा तयार. त्याला चोच होती, शेपूट होतं, बंडाने तर पंखही जरा फुगवून दिला. खरा कावळा एक पाय उचलून बाजूला उभा राहिला. सुहासने गवताचा कावळा पिंडावर टेकवला.

"शिवला!" दौलतराव म्हणाले.

शिवला, शिवला, असं सगळीकडून झालं आणि फोन वर गेले. ग्रुपवर पडणाऱ्या फोटोत खरा कावळा येऊ नये म्हणून मंडळाच्या अध्यक्षाने त्याला हुसकलं. तो उडून करंजावर गेला. मग माणसं नदीत पाय धुऊन मोकळ्या मनाने गाड्यांकडे निघाली. एकेक दार लागलं, एकेक गाडी वळली. सुहासने जाताना आईला सांगितलं, तू लाल गाडीनं ये, मी घरी थांबतो.

शालन लाल गाडीपाशी गेली. माणसं बसली होती. कंडक्टर दारात उभा होता.

"गावात सोडून ही गाडी कुठं जाती?"

"डेपोला. तालुक्याला."

"मग आम्हाला न्ह्या की तिथवर."

"नाही, ताई. गावापासून पुढं ती रिकामी जाते. रिकाम्या गाडीत माणूस घेता येत नाही."

त्याने घंटा ओढली. गावात परत जाऊन करायचं काय? ती मागे सरली. गाडी धुरळा उडवत चढावर गेली, मग तिचा आवाजही गेला. नदीकाठी दहीभात, गवताचा कावळा आणि ती दोघं उरली.

करंजावरून एकेक करत कावळे उतरू लागले. शालनच्या हातात चौकट जड झाली होती; एवढ्याशा वस्तूला एवढं वजन कसं, असं तिला वाटलं. तिने खाली पाहिलं. पाणी आनंदाच्या खालच्या ओठावर आलं होतं. तो तोंड वर करून उभा होता आणि नाकाने श्वास घेत होता. काहीतरी म्हणत होता. तिने कान काचेला लावला.

"जरा," तो म्हणाला, "उजवीकडं."

तिने चौकट उजवीकडे कलती केली. पाणी एका कोपऱ्यात गेलं आणि त्याचं नाक वर राहिलं, तोंडही वर राहिलं. त्याने मोठा श्वास घेतला. ती तशीच उभी राहिली, पाय रोवून, कोपरं पोटाशी घट्ट दाबून. ऊन डोक्यावर आलं. तालुका गावापासून एकतीस किलोमीटर होता, आणि घाट गावाच्या उलट्या अंगाला. तिचे हात भरून आले, मग थरथरू लागले, आणि चौकट जराजरा सरळ व्हायला लागली.